सोलांजबाईंची थैली

सोलांजबाईंचं नाव आधी लिहिते, कारण लिहिण्याच्या भरात ते राहून गेलं तर मला चैन पडणार नाही. त्या फ्रान्सच्या. चाळीसेक वर्षं त्यांनी सिनेमा कापायचं आणि जोडायचं काम केलं. बदलापुरात हेंद्रेपाड्याला दुसऱ्या मजल्यावरच्या एका फ्लॅटमध्ये त्या दोन महिने राहिल्या. त्या दोन महिन्यांत त्यांनी मला जे दिलं ते नेमकं काय होतं, हे मला अजून धड कळलेलं नाही. कळेल तेव्हा कळेल. उपकार कळण्याआधी मानता येतात, म्हणून मानते.

तसे आमचे गोपसेठही आहेत. उल्हासनगर कॅम्प पाचमध्ये त्यांचा फोटो स्टुडिओ आहे आणि माझ्यासारख्या आठवी नापास पोरीला त्यांनीच कॉम्प्युटरसमोर बसवलं. पण ते रोज भेटतात. आभार मानायला गेलं की म्हणतात, "अड़े, काम कर." म्हणून त्यांच्याबद्दल एवढंच.

मी पुसदच्या पलीकडची. आठवीत इंग्रजीत राहिले, तिथेच शाळा सुटली. सतराव्या वर्षी मावशीने अंबरनाथला आणलं. पहिली दोन वर्षं कॅम्प पाचमध्ये जीन्सचे धागे कापले. कारखान्यातून शिवून आलेल्या पँटींचे ढीग समोर येतात, प्रत्येक शिवणीचे लोंबते धागे कात्रीने साफ करायचे, बास. त्यानंतर गोपसेठच्या स्टुडिओत अल्बम चिकटवायला लागले आणि तिथून मिक्सिंगला. आमच्या धंद्यात एडिटिंग कुणी म्हणत नाही, मिक्सिंगच म्हणतात.

मिक्सिंग म्हणजे काय, ते बाहेरच्यांना सांगते. फोटोग्राफर कॅमेऱ्याची तीन-चार कार्डं आणून टेबलावर टाकतो. त्यात आठ-दहा तासांचं लग्न असतं. त्यातून दोन तासांचं लग्न काढायचं. लोकांना वाटतं मी जोडते. मी खरं तर टाकते. मामा जांभई देतात ते टाकायचं, नवरी नाक पुसते ते टाकायचं, पंगतीत कुणी वरणासाठी हाका मारतं ते टाकायचं. आणि आवाज तर सगळाच टाकायचा. कॅमेऱ्यात आलेला आवाज म्हणजे आमच्या लेखी कचरा: भांडी, पोरं, जनरेटर, "ए, सरक ना." त्याच्यावर सिनेमाचं गाणं पसरलं की झालं. गिऱ्हाईक खूश, आम्ही मोकळे.

गिऱ्हाइकं कशी असतात ते एकाच गोष्टीवरून सांगते. अंबरनाथच्या एका घरात लग्नानंतर महिन्याभरात जमिनीवरून भावाभावांत बिनसलं. मुलाचे वडील आले आणि म्हणाले, व्हिडिओतून माझ्या भावाला काढून टाक. मी म्हटलं काढते. घरी बसून बघते तर काका जिकडेतिकडे. तेही एक वेळ ठीक, पण मंगलाष्टकांना काका अंतरपाटाचं एक टोक धरून उभे. काकांना काढलं तर अंतरपाट हवेत कसा राहणार? शेवटी चित्र इतकं जवळ ओढलं की काकांचा फक्त हात दिसावा. वर्षभराने त्यांचं जुळलं. काका स्वतः स्टुडिओत आले. मी टेबलाखाली जायच्या बेतात होते. ते म्हणाले, "हात ठेवलास, बरं केलंस. त्यात माझी अंगठी दिसते."

असं बरंच काम हसण्यावारी जातं. पण एकदा मी जे टाकलं त्याला हसता आलं नाही.

बदलापूरच्या बाजूच्या एका गावातली हळद होती. इथल्या आगरी घरांत हळद लग्नाहून मोठी असते. त्या घरची आजी, हौसाबाय, धवलारीण. धवलारीण म्हणजे लग्नातले विधी गाऊन लावणारी बाई. हळद दळण्यापासून प्रत्येक विधीचा तिचा वेगळा धवला असतो आणि त्यात नवरदेवाचं, त्याच्या माणसांचं नाव गुंफून ती गाते. आज हे मी ऐटीत सांगतेय. तेव्हा मला यातलं काहीच ठाऊक नव्हतं. आमच्या पुसदकडे असं नाही. हेडफोन लावून ऐकलं तेव्हा एवढंच कळलं की कुणी म्हातारी एकाच चालीत काहीतरी लांबवतेय आणि मागे डीजेवाले बॉक्स तपासतायत. मी आवाजाची पट्टी खाली ओढली. आमच्याकडे "हळद" नावाचं एक फोल्डर आहे, त्यात ठरलेली गाणी आहेत, वर्षानुवर्षं तीच. त्यातलं चौथं गाणं लावलं. नातवाच्याच लग्नात म्हातारी गात होती, आणि मी तिला गप्प केलं.

गंमत अशी की कुणाची तक्रार आली नाही. नवी नवरी, पूजा, स्वतः येऊन पेनड्राइव्ह घेऊन गेली आणि दुसऱ्या दिवशी बर्फी पाठवली. व्हिडिओ घरात सगळ्यांनी बघितला, हौसाबायनेही बघितला असणार. तिलाही वाटलं असेल, व्हिडिओत असंच असतं.

याला तीन वर्षं झाली आणि सोलांजबाई आल्या. त्यांचा दिग्दर्शक मूळचा हेंद्रेपाड्याचा, आता फ्रान्सला असतो. आसपासच्या गावांत भात लावणाऱ्या बायकांवर त्याने फिल्म काढली होती. तो उरलेलं शूटिंग करत हिंडायचा आणि सोलांजबाई फ्लॅटमध्ये बसून फिल्म कापायच्या. त्यांना मराठी कळणारं आणि मशीन कळणारं, असं एकच माणूस हवं होतं. पावसाळ्यात लग्नं नसतात, म्हणून गोपसेठनी मला पाठवलं. म्हणाले, "जा, परदेस का काम है, कुछ सीख के आ." मला त्या रात्री ताप भरला. खरंच.

सत्तरीच्या आसपासची बाई, केस पांढरे, कापलेले. त्यांच्या डाव्या हाताला माझी खुर्ची आणि मध्ये भाषांतर करणारा फोन. मी मराठीत सांगायचं, फोन फ्रेंचमध्ये काहीतरी म्हणायचा, आणि सोलांजबाई माझ्याकडे अशा बघायच्या की जणू मी त्यांच्या घरच्यांबद्दल काही बोलले. मग त्या मोडकं इंग्रजी बोलायच्या आणि मी त्याहून मोडकं. दिवसाच्या शेवटी दोघींना घाम. पण त्यांची एक रीत होती. प्रत्येक तुकडा त्या आधी डोळे मिटून ऐकायच्या. चित्र नंतर. मला वाटायचं त्यांना डुलकी लागली. मी हळूच खुर्ची सरकवली की डोळे न उघडता बोट वर करायच्या, गप्प बस म्हणून.

त्यांच्या आयुष्याबद्दल मला जे माहीत आहे ते सगळं फोनने सांगितलेलं, तेव्हा खरंखोटं फोनला ठाऊक. त्यांची आई शिवणकाम करायची. सोळाव्या वर्षी शाळा सोडून सोलांजबाई सिनेमाच्या कापायच्या खोलीत लागल्या. तिथे तेव्हा बऱ्याच बायका असायच्या, कारण कात्री, चिकटपट्टी आणि डोळे फोडायचं काम म्हणजे पुरुषांच्या मते शिवणकामच. मी त्यांना जीन्सच्या धाग्यांचं सांगितलं. फोनला ते नीट जमलं असावं, कारण त्या उठल्या, माझा उजवा अंगठा हातात घेऊन बघितला आणि स्वतःचा माझ्यापुढे धरला. कात्रीचा घट्टा दोघींना एकाच जागी होता. त्यांचा जुना, माझाही जुना. त्यानंतर मला त्यांची भीती वाटली नाही. म्हणजे कमी वाटली.

त्यांना बक्षिसं मिळाली होती का, मी विचारलं होतं. त्यांनी बराच वेळ काहीतरी सांगितलं आणि शेवटी हसल्या. होय की नाही, मला अजून कळलेलं नाही.

थैलीचं मात्र नीट कळलं. पूर्वी सिनेमा पट्टीवर असायचा. कापलेले तुकडे खिळ्यांना टांगायचे आणि खाली लाकडी चौकटीला मोठी कापडी थैली लावलेली, म्हणजे पट्टीला ओरखडे पडू नयेत. नको असलेले तुकडे त्या थैलीत. फिल्म पूर्ण होऊन लोकांसमोर जाईपर्यंत थैली रिकामी करायची नाही. एकदा मालकाने जागा अडते म्हणून थैली टाकून द्यायला सांगितलं, तर यांनी ती घरी नेली. मग फोन म्हणाला की त्या थैलीत झोपल्या. यातलं कितपत खरं, ते मी विचारलं नाही.

आता पट्टी नाही, थैली नाही, पण सोलांजबाईंच्या कॉम्प्युटरवर त्या नावाचं फोल्डर होतं. मी एखादा तुकडा पुसायला गेले की त्या माझा हात धरायच्या आणि तुकडा त्यात सरकवायच्या. मलाही त्यांनी माझ्या हार्डडिस्कवर तसं फोल्डर करायला लावलं. मी मराठीत नाव दिलं, "थैली". मनात म्हटलं, यांचं ठीक आहे, आमच्याकडे हंगामात आठवड्याला चार लग्नं असतात. कचरा साठवला तर लग्नं कुठे ठेवायची?

त्यांच्या परत जाण्याला आठवडा राहिला होता, तेव्हा गोपसेठचा फोन आला की गावचे लोक आलेत, तू ये. स्टुडिओत पूजा बसली होती आणि तिच्या शेजारी हौसाबाय, गळ्याला रुमाल बांधून. पूजाने सांगितलं की आजीच्या घशाचं ऑपरेशन झालं. जीव वाचला, आवाज गेला. पुन्हा येणार नाही असं डॉक्टरांनी सांगितलंय. घरात सगळ्यांचे फोन धुंडाळले, त्यात नुसता डीजे. आसपासच्या गावांत आजी इतक्या लग्नांत गायली, त्या घरांतले व्हिडिओ मागवले, तर प्रत्येकावर सिनेमाची गाणी. त्यातली निम्मी लग्नं आमच्याच स्टुडिओची. पूजा म्हणाली, "ताई, तुमच्याकडे असंल ना, कॅमेऱ्यातलं? मना काय दुसरं नको, आजीचा आवाज हवा."

गोपसेठनी माझ्याकडे बघितलं. व्हिडिओ दिला की तीन महिन्यांनी मूळ कार्डातलं सगळं पुसायचं, हा आमच्याकडचा नियम. पुसायची मीच.

हौसाबायने हात पुढे करून माझ्या कॉम्प्युटरच्या काचेवर बोटं टेकवली आणि मग स्वतःच्या गळ्यावर. मी म्हटलं, बघते. आमच्या धंद्यात "बघते" म्हणजे नाही. पण त्या माझं खरं मानून गेल्या. गाणं मी लावलं होतं, हे मी त्यांना सांगितलं नाही.

दुसऱ्या दिवशी हेंद्रेपाड्याला सोलांजबाईंनी माझं तोंड बघितलं आणि काम बंद केलं. मी फोनला सगळं सांगितलं. त्यांनी हळदीचा तो तयार व्हिडिओ मागितला. हेडफोन लावून डोळे मिटले. सिनेमाचं गाणं धडाधड वाजतंय आणि ही बाई त्यात काय ऐकतेय ते मला कळेना. पाच-सहा वेळा ऐकल्यावर त्यांनी एक हेडफोन माझ्या कानाला लावला आणि गाण्यात जिथे क्षणभर वाद्यं थांबतात तिथे बोट दाखवलं. त्या फटीत, सुईच्या टोकाएवढा, कुणाचा तरी सूर होता.

मी आवाजाची पट्टी खाली ओढली होती, पण शेवटपर्यंत ओढली नव्हती. आवाज पूर्ण बंद केला की चित्र मेल्यासारखं दिसतं, म्हणून कधी कधी मी थोडा राहू देते. त्या दिवशी मुद्दाम ठेवला की चहा आला म्हणून अर्धवट सुटला, हे मला आठवत नाही. मुद्दाम ठेवला असता तर बरं वाटलं असतं.

सोलांजबाईंनी विचारलं, हे गाणं तुझ्याकडे आहे? हेच? त्याच फाइलमधलं? मी म्हटलं आहे, चौथ्या नंबरवर, कायमचं. मला वाटलं त्या रागावतील, कारण फिल्म कापणाऱ्या बाईला एकच गाणं प्रत्येक लग्नाला लावणारी मी कशी दिसत असेन? त्या तर खुर्चीतून उठल्याच. आत जाऊन दोन कंगवे घेऊन आल्या. एकाचे दात दुसऱ्याच्या फटींत बसवले आणि मला दाखवलं. कंगवे नाहीसे, एक सपाट पट्टी. मी मान हलवली. मला काही कळलं नव्हतं.

पुढे थोडं कळलं ते असं. आवाज म्हणजे चढउतार. तेच गाणं उलटं करून, जिथे चढ तिथे उतार करून, बरोबर त्याच जागी ठेवलं तर दोन्ही एकमेकांत बसतात आणि गाणं नाहीसं होतं. दुसऱ्या गायकाचं, दुसऱ्या फाइलमधलं चालत नाही. तेच लागतं. राहतं फक्त ते, जे गाणं नव्हतं. हे खरंच असं असतं की नाही, ते शिकलेल्या माणसाने तपासावं. मी डोळ्यांनी पाहिलं आणि कानांनी ऐकलं.

तीन दिवस लागले. त्यांची स्वतःची फिल्म तशीच पडली. दिग्दर्शक दोनदा येऊन काहीतरी बोलून गेला. त्यांनी त्याला हाताने दाराकडे पाठवलं. केसाएवढं इकडे, केसाएवढं तिकडे. आधी गाणं दुप्पट मोठं व्हायचं, कधी डब्यात बोलल्यासारखं. तिसऱ्या दिवशी दुपारी त्यांनी एक कळ दाबली आणि गाणं गेलं. लाइट गेल्यावर पंखा उतरत जातो तसं खाली जाऊन गेलं. आणि त्याच्या खालून माझा सगळा कचरा वर आला. भांडी. जनरेटर. एक पोर रडतंय. "ए, सरक ना." आणि त्या सगळ्यांच्या मधून हौसाबाय गातेय, पाण्याखालून गावं तशी, पण गातेय. साडेसहा मिनिटं.

मी रडले, तर सोलांजबाईंनी बोट वर केलं. त्या ऐकत होत्या.

पूजा आणि हौसाबाय फ्लॅटवर आल्या. तोवर मी पूजाला जिन्यातच सांगून टाकलं होतं की गाणं लावणारी मी. ती म्हणाली, "माहिताय, ताई. व्हिडिओच्या शेवटी तुमचं नाव येतं ना." आणि पुढे चढायला लागली. या वाक्याचं काय करायचं, ते मला आजही सुचलेलं नाही.

हौसाबायला मोठी खुर्ची दिली. मी आवाज लावला. पहिल्या ओळीला त्यांचे ओठ हलायला लागले, आवाज नाही, नुसते ओठ, आणि मशीनमधला सूर त्यांच्या ओठांवर अचूक बसत होता. सोलांजबाई पहिल्यांदाच डोळे उघडे ठेवून ऐकत होत्या. चौथ्या मिनिटाच्या आसपास हौसाबायचे ओठ एकदम थांबले. त्यांनी पदर तोंडावर घेतला. खांदे हलायला लागले. मी घाबरले. बघते तर त्या हसतायत. पूजाही खाली मान घालून हसत होती. मग हौसाबायने माझ्याकडे बघून दोन बोटांची कात्री केली. ते काप.

वीस वर्षं मी ही खूण ओळखते. मी विचारलं नाही, कापलं. सतरा सेकंदं. दोन्ही टोकं जुळवली. हौसाबायने मान डोलावली. मी तो तुकडा पुसायला गेले आणि सोलांजबाईंचा हात माझ्या हातावर आला. त्यांनी तुकडा माझ्या थैलीत सरकवला. मला जरा रागच आला. ज्या बाईचा आवाज आहे तीच नको म्हणतेय, मग आपण ठेवणारे कोण? त्या गेल्यावर सोलांजबाईंनी मला विचारलं, त्या तुकड्यात ती काय गाते? मी म्हटलं, ठाऊक नाही. धवल्याची बोली माझी नाही. त्यांनी पुन्हा विचारलं, मी पुन्हा तेच म्हटलं. दोन महिन्यांत त्यांनी मला हजार वेळा विचारलं असेल, काय म्हणाली, काय म्हणाली. शेवटच्याच वेळी मला सांगता आलं नाही. दोन दिवसांनी त्या गेल्या.

चार महिन्यांनी पूजा हौसाबायला घेऊन पुन्हा स्टुडिओत आली. हौसाबायने दोन बोटांची कात्री केली, माझ्यासमोर धरली आणि बोटं उघडली. मिटली नाहीत. मी पूजाकडे बघितलं. पूजाने आजी ऐकत असतानाच सांगितलं. धवल्यात नवरदेवाचं नाव घ्यायचं असतं. नातवाच्या हळदीत, नातवाच्या नावाच्या जागी, आजीच्या तोंडून आजोबांचं नाव गेलं होतं. आजोबा जाऊन बारा वर्षं झाली. त्यांच्या हयातीत आजीने एकदाही त्यांचं नाव तोंडाने घेतलं नव्हतं. बायका घेत नाहीत. गाण्याच्या नादात गेलं, गर्दीत कुणाच्या लक्षात आलं नाही, तिच्याही नाही. ते तिला तुमच्या त्या मॅडमच्या घरी कळलं. म्हणून लाजली. आता खुणेने सांगते, मला ते परत ऐकायचंय.

मी हेडफोन त्यांच्या कानांवर ठेवले आणि थैली उघडली. आवाज फक्त त्यांना येत होता. आम्हाला नुसता त्यांचा चेहरा. सतरा सेकंदं. त्यांनी बोट वर केलं, पुन्हा. मग पुन्हा. गोपसेठ दोनदा आत डोकावून गेले आणि कधी नव्हे ते काम कर म्हणाले नाहीत.

आता माझा गोंधळ असा आहे. सोलांजबाईंना त्या तुकड्यात काय आहे हे माहीत नव्हतं. मलाही नव्हतं. मग त्यांनी तो का ठेवला? सवयीने? की न कळणाऱ्या भाषेतलं एक हसू बघून त्यांना काही कळलं, जे मला भाषा जवळची असून कळलं नाही? फोनवर विचारून बघितलं. फोनने काय भाषांतर केलं देव जाणे. त्यांनी उत्तरात आपल्या घट्टा पडलेल्या अंगठ्याचा फोटो पाठवला.

नवऱ्याचं नाव न घेण्याची गोष्ट फोनच्या भरवशावर सोडायची माझी तयारी नाही. पूजाचं इंग्रजी बरं आहे, म्हणून दर रविवारी मी तिच्याकडे शिकायला जाते. आठवीत जिथे राहिले होते तिथूनच पुन्हा. हौसाबाय समोर बसलेल्या असतात, माझे उच्चार ऐकून पदर तोंडावर घेतात. सोलांजबाई, मला वेळ लागेल. पण त्या सतरा सेकंदांत ती काय गाते, हे तुम्हाला एक दिवस मी स्वतःच्या तोंडाने सांगीन, मध्ये फोन न ठेवता. तोवर तुकडा थैलीत आहे. मी थैली रिकामी केलेली नाही.